फाळकेंच्या १४ वर्षं आधी सावेदादांनी मुंबईत कुस्ती शूट केली होती

भारतीय सिनेमाचा विषय निघाला की गाडी थेट दादासाहेब फाळके आणि १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'वर येऊन थांबते. पण त्याच्या कितीतरी आधी एक खराखुरा हरिश्चंद्र मुंबईत कॅमेरा घेऊन फिरत होता. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर उर्फ सावेदादा.

७ जुलै १८९६. ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं मुंबईच्या वॉटसन हॉटेलात पहिल्यांदा दाखवली गेली. तिकीट एक रुपया, म्हणजे तेव्हा चांगलीच रक्कम. पडद्यावर काय, तर स्टेशनात शिरणारी आगगाडी, कारखान्यातून सुटलेले कामगार, समुद्रात डुंबणारी माणसं. ना गोष्ट, ना हिरो. सावेदादांचा व्यवसाय फोटोग्राफीचा. या चित्रांनी त्यांना असं झपाटलं की त्यांनी २१ गिनी मोजून इंग्लंडहून रायली कंपनीचा कॅमेरा मागवला.

कॅमेरा आला, पण शूट काय करायचं? राजेरजवाडे किंवा देवादिकांची नाटकं सोडून सावेदादांनी निवडली कुस्ती. नोव्हेंबर १८९९ मध्ये हँगिंग गार्डनवर पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी हे दोन पैलवान भिडले आणि सावेदादांनी हँडल फिरवलं. भारतीय माणसानं काढलेली ही पहिली फिल्म मानली जाते.

रीळ धुवायला लंडनला पाठवावं लागलं. आजच्यासारखं लगेच स्क्रीनवर बघून रिटेक घ्यायची सोय कुठली! बोट परत येईपर्यंत नुसती वाट बघायची.

दुसरा विषय त्याहून साधा, माकडांना खेळ शिकवणारा मदारी. रस्त्यावर रोज दिसणारी गोष्ट पडद्यावरही बघण्यासारखी असते, हे त्यांना तेव्हाच कळलं होतं. स्वतःचा प्रोजेक्टर घेऊन ते उघड्यावर खेळ लावायचे आणि परदेशी फिल्मांसोबत आपल्याही दाखवायचे.

डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिज गाजवून रँग्लर परांजपे मायदेशी परतले. तो स्वागतसोहळाही सावेदादांनी टिपला. भारतातली पहिली न्यूजरील म्हणून तिचं नाव घेतात. १९०३ चा लॉर्ड कर्झनचा दिल्ली दरबारही त्यांच्या कॅमेऱ्यात आला.

पुढे त्यांनी फिल्म काढणं सोडलं आणि गेटी थिएटरचा कारभार बघितला. व्हीटी स्टेशनसमोरचं हेच गेटी नंतर कॅपिटल सिनेमा झालं. १९५८ साली सावेदादा गेले. त्यांच्या फिल्म मात्र आज बघायला मिळत नाहीत.