एकट्याची रंगभूमी : पु. ल. देशपांडे

हसविणाऱ्या माणसाला आपल्याकडे प्रेम भरपूर मिळते, पण त्याला कोणी फारसे गंभीरपणे घेत नाही. पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे, म्हणजेच महाराष्ट्राचे लाडके पु. ल., यांचे चरित्र वाचले की हा समज किती खोटा आहे ते कळते.

त्यांचा जन्म ८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत झाला. बालपण जोगेश्वरी व पार्ले येथे गेले. ऐन तारुण्यात पितृछत्र हरपले. शिकवण्या, कारकुनी, मास्तरकी अशी मिळतील ती कामे त्यांनी केली. पुढे बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात ते प्राध्यापक झाले. १२ जून १९४६ रोजी सुनीताबाईंशी त्यांचा विवाह झाला. १९५३ च्या 'गुळाचा गणपती' या चित्रपटात कथा, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका हे सारे त्यांनी एकट्याने सांभाळले.

१९५५ मध्ये ते आकाशवाणीत गेले. बी. बी. सी.त प्रशिक्षण घेऊन परतल्यावर दिल्लीत १९५९ साली सुरू झालेल्या दूरदर्शनच्या अगदी आरंभीच्या निर्मात्यांत त्यांची गणना झाली. परंतु सरकारी खुर्चीत हा माणूस रमणारा नव्हता.

त्यांचे खरे सामर्थ्य दिसले ते 'बटाट्याची चाळ'च्या एकपात्री प्रयोगांत. रंगमंचावर माणूस एकच. पण आवाज आणि हावभाव यांच्या बळावर त्रिलोकेकर, अण्णा पावशे, कोचरेकर मास्तर अशी अख्खी चाळ तो उभी करी. शेवटी म्हाताऱ्या चाळीचे चिंतन येई आणि हसता हसता प्रेक्षक गप्प होत. या हसण्यात गरिबाची टिंगल नव्हती. त्याच्या संसाराविषयीची माया होती.

प्रयोगांतून व पुस्तकांतून पैसा आला. पु. ल. आणि सुनीताबाईंनी प्रतिष्ठान स्थापून त्यातील मोठा वाटा समाजाला परत केला. १९८६ मध्ये पुण्यात सुरू झालेल्या 'मुक्तांगण' व्यसनमुक्ती केंद्रालाही त्यांचा हात लागला. आणीबाणीनंतरच्या १९७७ च्या निवडणुकीत त्यांनी लोकशाहीसाठी गावोगाव सभा गाजविल्या. विजय मिळाल्यावर मात्र पदाची अपेक्षा न धरता ते आपल्या लेखनाकडे वळले. १९९६ चा 'महाराष्ट्र भूषण' पुरस्कार स्वीकारतानाही राज्यकर्त्यांना न रुचणारे बोलायला ते कचरले नाहीत. त्याबद्दल त्यांना कटू टीका सोसावी लागली.

१२ जून २००० रोजी, लग्नाच्या वाढदिवशीच, पुण्यात त्यांचे निधन झाले.

माझ्या घरी पुस्तके विकत घेण्याची रीत नव्हती. पु. ल. आमच्याकडे आले ते ध्वनिमुद्रणातून. शाळेची पायरी न चढलेली माझी आजी त्यांचे कथन ऐकून माझ्याइतकीच हसते. वाचता येणारा आणि न येणारा यांना एका पंक्तीत बसविणारा साहित्यिक विरळाच! लोकांना हसवून मिळविलेले प्रेम त्यांनी स्वतःपुरते खर्च केले नाही. म्हणूनच त्यांचे हसू इतकी वर्षे टिकले आहे.