इव्हान मिकोलायचुक यांचे चरित्र

युक्रेन देशाचे विख्यात नट व पटकथाकार इव्हान मिकोलायचुक यांचे नाव आमच्या पुष्कळ वाचकांस अपरिचित असेल. परंतु कलेवर सरकारची सत्ता कोठवर असावी, या प्रश्नाचा विचार करणाराने त्यांचे चरित्र अवश्य पाहावे, असे आम्हांस वाटते.

बुकोविना प्रांतातील चोर्तोरिया या खेड्यात, एका शेतकरी कुटुंबात १५ जून १९४१ रोजी त्यांचा जन्म झाला. पुढे आठ दिवसांच्या आतच जर्मन सैन्याची त्या देशावर स्वारी झाली. कीव्ह येथील नाट्यशिक्षणसंस्थेत विद्यार्थी असतानाच त्यांनी १९६४ साली एका चित्रपटात कवी तारास शेव्चेन्को यांची भूमिका केली. हे कवी जन्माने भूदास. तेव्हा शेतकऱ्याच्या मुलास ती भूमिका शोभली यात नवल नाही. पुढील वर्षी पाराजानोव्ह यांच्या ‘विस्मृत पूर्वजांच्या छाया’ या चित्रपटात ते नायक झाले. त्यातील पात्रे कार्पेथियन डोंगरांतील हुत्सूल लोकांची बोली बोलतात. तिच्या जागी रशियन भाषा घालण्यास दिग्दर्शकांनी साफ नकार दिला. आणि त्याच बोलपटाची परदेशी वाखाणणी झाली!

यानंतर मिकोलायचुक यांनी लेखणी हाती धरली. इल्येन्को यांच्यासह त्यांनी लिहिलेल्या ‘काळ्या खुणेचा शुभ्र पक्षी’ या चित्रपटात युद्धकाळी भाऊ भावाविरुद्ध उभा राहतो. बंडखोर भावाचे काम स्वतः करावे, हा त्यांचा मानस; परंतु अशा लोकप्रिय नटाने ते करणे अधिकाऱ्यांस रुचले नाही. ते काम बोहदान स्तुप्का या नवख्या नटाकडे गेले आणि मिकोलायचुक यांनी दुसऱ्या भावाचे काम पत्करले. याच चित्रपटास १९७१ साली खुद्द मॉस्को येथील महोत्सवात सुवर्णपारितोषिक मिळाले! तथापि सरकारचा संशय फिटला नाही. १९७२ साली तयार झालेला, त्यांच्या प्रमुख भूमिकेचा ‘हरवलेले पत्र’ हा चित्रपट कित्येक वर्षे अडवून ठेवण्यात आला. तरीही १९७९ साली ‘बॅबिलोन २०’ या चित्रपटाचे दिग्दर्शन व त्यातील फाबियान या खेडवळ तत्त्वज्ञाची भूमिका, अशी दोन्ही कामे त्यांनी पार पाडली.

३ ऑगस्ट १९८७ रोजी, वयाच्या अवघ्या शेहेचाळिसाव्या वर्षी, ते निवर्तले. शेव्चेन्को पारितोषिक त्यांस देण्यात आले ते १९८८ साली, म्हणजे मरणोत्तर. पारितोषिक मागाहून देता येते. अडवणुकीत गेलेली उमेदीची वर्षे मात्र कोणतेही सरकार परत देऊ शकत नाही. यात तोटा एकट्या नटाचा नव्हे, प्रजेचा होय. जी कृती अधिकारी अडवितो, ती त्या पिढीस पाहावयास मिळत नाही. म्हणून आपल्या बोलीत लिहिणाऱ्या व नाटक करणाऱ्या मनुष्याची कोठेही अडवणूक झाली, तर सुशिक्षित नागरिकांनी व व्यापाऱ्यांनी त्याच्या हयातीतच त्याचा पक्ष घ्यावा, हे आमचे सांगणे आहे.