भगवानदादा

तुम्ही झाडीपट्टीचे नाटक पाहिलेच असेल. धानाची कापणी झाली, दिवाळी आटोपली, की चंद्रपूर-गडचिरोलीच्या गावोगावी मंडप उभे राहतात आणि रात्रभर नाटके चालतात. मध्यरात्री पेंगणारी मुले विनोदी नट आला की टक्क जागी होतात. त्या नटाला देखणा चेहरा लागत नाही. अशाच एका साध्या चेहऱ्याच्या नटाने एके काळी साऱ्या देशाला नाचायला लावले. तो आपल्या विदर्भातच जन्मला होता.

त्याचे पूर्ण नाव भगवान आबाजी पालव. जन्म १९१३ साली अमरावती येथे झाला. वडील मुंबईच्या कापड गिरणीत कामगार होते. भगवाननेही मजुरी केली. शाळा फार झाली नाही, पण कुस्तीचा आणि सिनेमाचा नाद जबरदस्त. त्या काळी चित्रपट मुके होते. १९३१ च्या सुमारास ‘बेवफा आशिक’ या मूकपटात त्याला काम मिळाले. या नावाचा अर्थ तुम्हाला सांगायला नको!

मूकपटात काम करता करता त्याने सिनेमाचे सगळे तंत्र शिकून घेतले. १९३८ साली ‘बहादुर किसान’ या चित्रपटाच्या दिग्दर्शनात त्याचा वाटा होता. पुढे दहा-अकरा वर्षे तो थोड्या पैशांत मारामारीचे चित्रपट काढत राहिला. कलाकारांच्या कपड्यांपासून जेवणापर्यंत सारी व्यवस्था तो स्वतः पाहायचा. गिरणीतले आणि गोदीतले कामगार हे चित्रपट गर्दी करून पाहत. लोक आता त्याला भगवानदादा म्हणू लागले.

या काळातली एक दुःखद गोष्टही सांगितली पाहिजे. १९४२ च्या सुमारास एका चित्रपटात भगवानदादांना अभिनेत्री ललिता पवार यांना थप्पड मारायची होती. ती इतक्या जोरात बसली, की ललिताबाईंच्या चेहऱ्याला लकवा झाला आणि एक डोळा कायमचा अधू झाला. नायिकेची कामे त्यांना मिळेनाशी झाली. पुढे त्यांनी खाष्ट सासूच्या भूमिकांत नाव कमावले, ही त्यांची हिंमत.

भगवानदादांनी चेंबूरला स्वतःचा स्टुडिओ उभारला. मारामारीचे चित्रपट सोडून कौटुंबिक चित्रपट काढ, असा सल्ला राज कपूर यांनी दिला. तो मानून भगवानदादांनी १९५१ साली ‘अलबेला’ काढला. नायिका गीता बाली, संगीत सी. रामचंद्र यांचे. नायक मात्र स्वतः भगवानदादा! बुटके, जाडसर, चाळीशीकडे झुकलेले. कथा साधीच आहे. प्यारेलाल नावाच्या गरीब मुलाला नट व्हायचे वेड असते. तो घरातून बाहेर पडतो, मोठे नाव मिळवतो. पण परत येतो तेव्हा त्याची आई या जगात नसते.

चित्रपट तुफान चालला आणि त्यातला नाच घरोघर पोहोचला. या नाचात उड्या नव्हत्या, गिरक्या नव्हत्या. गुडघे थोडे वाकवायचे, खांदे हलवायचे आणि हात संथपणे झुलवायचे, एवढेच. ज्याला नाचता येत नाही त्यालाही तो जमायचा. मला वाटते, त्याच्या यशाचे गुपित हेच असावे. अमिताभ बच्चन यांच्या नाचावरही भगवानदादांची छाप असल्याचे जाणकार सांगतात.

आता पैसा आला. जुहूला पंचवीस खोल्यांचा बंगला झाला, दाराशी सात मोटारी उभ्या राहिल्या. पण पुढचे चित्रपट तसे चालले नाहीत. किशोरकुमार यांना घेऊन सुरू केलेला ‘हँसते रहना’ तर पुराच झाला नाही. त्यात भगवानदादांनी जवळचे सर्व काही लावले होते. स्टुडिओ गेला, बंगला गेला, मोटारी गेल्या. ते दादरच्या चाळीत राहायला आले. एके काळी दुसऱ्यांना काम देणारा हा माणूस आता मिळेल ती छोटी भूमिका करू लागला. ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) आणि ‘चोरी चोरी’ (१९५६) या चित्रपटांत तुम्हाला ते दिसतील. पुढे पुढे तर गर्दीत दोन पावले नाचण्याएवढेच काम मिळे. तेही ते मन लावून करीत.

बरेच मित्र दुरावले. सी. रामचंद्र, नट ओमप्रकाश आणि गीतकार राजेंद्र कृष्ण मात्र चाळीतल्या खोलीवर भेटायला येत राहिले. गणपती विसर्जनाची मिरवणूक भगवानदादांच्या चाळीसमोर थांबायची, असे सांगतात. म्हातारे दादा बाहेर येऊन दोन पावले नाचले, की मगच ती पुढे सरकायची.

४ फेब्रुवारी २००२ रोजी दादरलाच त्यांचे निधन झाले. २०१६ साली त्यांच्या जीवनावर ‘एक अलबेला’ हा मराठी चित्रपट निघाला. त्यात मंगेश देसाई यांनी भगवानदादांची आणि विद्या बालन यांनी गीता बालींची भूमिका केली.