एका काळ्या झग्याची गोष्ट

परीक्षा संपली की होस्टेलवर रात्री दिवे घालवून भुताचे पिक्चर बघण्याची पद्धत जुनीच आहे. त्यात काळा झगा, मागे चोपडलेले केस आणि रोखलेली नजर असलेला ड्रॅक्युला कधी ना कधी भेटतोच. हे रूप पडद्यावर कायमचं ठसवलं ते बेला लुगोसी या हंगेरियन नटाने.

२० ऑक्टोबर १८८२ रोजी तेव्हाच्या हंगेरीतल्या लुगोस गावी (आता हे गाव रुमानियात आहे) त्याचा जन्म झाला. खरं आडनाव ब्लास्को. लुगोसी म्हणजे लुगोसचा, आपल्याकडच्या नगरकर, सातारकर यांच्यासारखंच! शाळा अर्धवट सोडून पठ्ठ्या नाटकात शिरला आणि १९१३ मध्ये थेट बुडापेस्टच्या राष्ट्रीय रंगभूमीवर पोचला. पहिल्या महायुद्धात सैन्यात लढला, जखमी झाला. १९१९ च्या क्रांतीत त्याने नटांची संघटना उभारली. पण ते सरकार कोसळलं आणि त्याला देश सोडावा लागला. आधी व्हिएन्ना, मग जर्मनी आणि शेवटी जहाजाने अमेरिका!

तिथे भाषेचीच बोंब. सुरुवातीला त्याने इंग्रजी संवाद नुसत्या उच्चारावरून पाठ केले. १९२७ मध्ये ब्रॉडवेवर 'ड्रॅक्युला' नाटक आलं आणि त्याचे हंगेरियन हेल हेच त्याचं बलस्थान ठरलं. १९३१ मध्ये टॉड ब्राउनिंगच्या चित्रपटाने तो जगभर पोचला. गंमत म्हणजे या ड्रॅक्युलाचे सुळे संपूर्ण चित्रपटात एकदाही दिसत नाहीत. नुसत्या नजरेने त्याने लोकांना घाबरवलं. या कामाचे त्याला मिळाले अवघे ३,५०० डॉलर.

पण इथेच घात झाला. त्याच वर्षीच्या 'फ्रँकेन्स्टाइन'मधली मुक्या राक्षसाची भूमिका त्याला पसंत पडली नाही. ती बोरिस कार्लोफला मिळाली आणि तो पुढे निघून गेला. लुगोसीला मात्र निर्माते भुताखेतांपलीकडे फारसं काही देईनात. १९३९ च्या 'सन ऑफ फ्रँकेन्स्टाइन'मध्ये इगोर साकारून त्याने आपल्या अंगात किती कला आहे ते दाखवलं, पण शिक्का काही पुसला गेला नाही. दुखण्यावर घेतलेल्या मॉर्फीनचं व्यसन जडलं, कामं आटली. १९५५ मध्ये वयाच्या ७२ व्या वर्षी तो स्वतःहून व्यसनमुक्तीसाठी इस्पितळात दाखल झाला आणि बरा होऊन बाहेर आला. त्या काळात एखाद्या नटाने हे उघडपणे करायला छाती लागायची.

१६ ऑगस्ट १९५६ रोजी तो गेला. घरच्यांनी त्याला ड्रॅक्युलाच्या झग्यातच दफन केलं. पुढे त्याची छबी विकण्याच्या हक्कावरून वारसांनी स्टुडिओवर दावा लावला. १९७९ मध्ये कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयात ते हरले. हा हक्क वारसाने मिळत नाही, असा निकाल लागला. म्हणजे ज्या चेहऱ्याने लुगोसीला दुसरं काही होऊ दिलं नाही, तो चेहरासुद्धा तेव्हा घरच्यांच्या वाट्याला आला नाही.

म्हणून पुढच्या वेळी ड्रॅक्युला बघताना झग्याआतल्या त्या माणसाकडेही जरा बघा. कपाळावर एखादा शिक्का बसला की तो पुसायला आयुष्य पुरत नाही, हे त्याच्याइतकं कुणाला कळलं असेल?