तंजावरचे सरफोजी राजे : तमिळ भूमीतील मराठीचे घर

आखाती देशांत नोकरीनिमित्त राहिलेल्या आपल्या बांधवांना हे दृश्य परिचयाचे असेल. तेथील चर्चमध्ये फिलिपिनो भाविक आपल्या तागालोग भाषेत मिस्सा साजरी करतात, आणि मिस्सा संपल्यावरही बराच वेळ एकमेकांशी त्याच भाषेत बोलत राहतात. मराठी माणसानेही परक्या मुलखात असे प्रयत्न केले आहेत. लंडनचे महाराष्ट्र मंडळ १९३२ साली स्थापन झाले. परंतु त्याआधी शंभराहून अधिक वर्षे, कावेरीच्या काठी, राज्य गमावलेल्या एका राजाने मराठीसाठी जे घर उभे केले ते आजही उभे आहे. तो राजा म्हणजे तंजावरचे सरफोजी राजे भोसले (दुसरे).

छत्रपती शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजी ह्यांनी १६७५ च्या सुमारास तंजावर घेतले. तेव्हापासून तेथे प्रजा तमिळ, संगीताची भाषा बहुतांशी तेलुगू, शास्त्रांची भाषा संस्कृत आणि राजवाड्याची भाषा मराठी, असा संसार चालू होता. (यवतमाळ जिल्ह्यातील महागाव, पुसद परिसरातील वाचकांना ह्याचे नवल वाटू नये. घरी बंजारा बोली आणि शाळेत मराठी, हा तिथल्या अनेक मुलांचा रोजचा अनुभव आहे.)

सरफोजींचा जन्म १७७७ साली झाला. निपुत्रिक तुळजाजी राजांनी १७८७ साली, मृत्यूच्या थोडे आधी, त्यांना दत्तक घेतले आणि ह्या दहा वर्षांच्या मुलाची काळजी ख्रिश्चन फ्रेडरिक श्वार्ट्झ ह्या जर्मन मिशनऱ्याच्या हाती सोपवली. श्वार्ट्झ हे लुथरन पंथाचे, १७५० पासून तमिळ प्रदेशात राहिलेले. तुळजाजींचे सावत्र बंधू अमरसिंह ह्यांनी दत्तकविधानावर हरकत घेतली. ईस्ट इंडिया कंपनीने ती मान्य केली आणि गादी अमरसिंहांना मिळाली. मुलाला राजवाड्यातच कोंडल्यासारखे ठेवण्यात आले. त्याच्या शिक्षणाकडे कोणाचे लक्ष नव्हते. श्वार्ट्झ ह्यांनी मद्रासच्या सरकारकडे त्याची बाजू चिकाटीने लावून धरली. अखेर १७९३ साली सरफोजींना मद्रासला हलवण्यात आले व तेथे त्यांच्या अभ्यासाची व्यवस्था झाली. त्यांचा हक्क मान्य होऊन १७९८ च्या जूनमध्ये ते गादीवर बसले. श्वार्ट्झ मात्र त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत निवर्तले होते.

सरफोजी आयुष्यभर आपल्या हिंदू धर्मातच राहिले आणि गुरूचे ऋणही आयुष्यभर विसरले नाहीत. त्यांनी प्रसिद्ध इंग्रज शिल्पकार जॉन फ्लॅक्समन ह्यांच्याकडून संगमरवरी स्मारक करवून घेतले. ते तंजावरच्या चर्चमध्ये आहे. मृत्युशय्येवरील श्वार्ट्झ आणि त्यांचा हात हाती घेतलेले सरफोजी, असे ते शिल्प आहे.

गादी मिळाली, पण राज्य टिकले नाही. १७९९ च्या तहाने सारा कारभार कंपनीकडे गेला. राजांकडे किल्ला, वर्षाला एक लाख पगोडांचे वेतन आणि महसुलाचा पाचवा हिस्सा राहिला. अशा अवस्थेतील कितीतरी संस्थानिक पुढे शिकारीत आणि मेजवान्यांत रमले. सरफोजींनी पैसा ग्रंथांत घातला. ही रक्कमही शेवटी तमिळ शेतकऱ्याच्या घामातूनच येत होती, हे विसरून चालणार नाही.

राजवाड्यात नायक राजांच्या काळापासून एक ग्रंथसंग्रह होता. सरफोजींनी त्याला सरस्वती महालाचे भव्य रूप दिले. १८२० साली ते मोठ्या लवाजम्यासह काशीयात्रेला निघाले, तेव्हा वाटेत आणि काशीत त्यांनी हस्तलिखिते मिळवली व नकला करवून घेतल्या. युरोपातून मागवलेल्या अनेक पुस्तकांवर त्यांची सही आढळते. १८०५ च्या सुमारास त्यांनी देवनागरी टाइपाचा छापखाना काढला. इसापच्या गोष्टींचा मराठी अनुवाद ‘बालबोध मुक्तावली’ तेथे छापला गेला. मुंबई-पुण्याकडे मराठी ग्रंथांच्या छपाईने अजून मूळ धरले नव्हते, तेव्हाची ही गोष्ट! ‘देवेंद्र कुरवंजी’ हे मराठी नृत्यनाट्य त्यांच्या नावावर आहे. कुरवंजी हा तमिळ नाट्यप्रकार. सरफोजींनी त्यातून जगाचा भूगोल सांगितला. मराठी पोशाख चढवलेले तमिळ नाटक म्हणावे, की तमिळ चालीवर नाचणारी मराठी?

बृहदीश्वर मंदिराच्या आवारातील भिंतीवर त्यांनी १८०३ साली भोसले घराण्याचा इतिहास मराठीत कोरवून घेतला. मराठीतील तो अतिशय मोठा शिलालेख आहे. तथापि तो वाचणारे आजूबाजूला किती होते, हा प्रश्न मनात येतोच. दरबाराची भाषा आणि गावाची भाषा ह्यांतील अंतर भिंतीवरच्या अक्षरांनी मिटत नाही. ते अंतर सरफोजींच्या शाळांनी थोडेफार कमी केले. तेथे मराठीबरोबर तमिळ, तेलुगू, संस्कृत, फारसी आणि इंग्रजीही शिकवली जाई. ओरत्तनाड येथील छत्रात वाटसरूंना अन्न मिळे व मुलांसाठी शाळा चाले. धन्वंतरी महालात देशी आणि युरोपीय वैद्यक शेजारी शेजारी अभ्यासले जाई. राजांना नेत्रचिकित्सेत विशेष रस होता. रोग्यांच्या डोळ्यांची रंगीत चित्रे आणि उपचारांच्या नोंदी अजून जपून ठेवलेल्या आहेत.

१८२६ साली अँग्लिकन बिशप हेबर तंजावरला आले, तेव्हा त्यांना भेटलेला राजा सत्ताहीन होता. त्याची विद्वत्ता मात्र पाहुण्याला प्रभावित करून गेली. ७ मार्च १८३२ रोजी सरफोजींचे निधन झाले. त्यांचे पुत्र शिवाजी १८५५ साली पुत्रावाचून वारले आणि संस्थान खालसा झाले.

ग्रंथ राहिले. १९१८ साली सरस्वती महाल सर्वांसाठी खुला झाला. तेथे सुमारे एकोणपन्नास हजार हस्तलिखिते आहेत. त्यांतील बहुसंख्य संस्कृत, तर तीन हजारांहून अधिक मराठी आहेत. शिवाय मोडी कागदपत्रांची शेकडो दप्तरे आहेत, आणि ती वाचण्यासाठी मोडी जाणणाऱ्यांना आजही तंजावरची वाट धरावी लागते. तमिळनाडूत विखुरलेल्या कित्येक घरांतून तंजावरी मराठी अजून बोलली जाते. तिच्यात तमिळ शब्द भरपूर आहेत, आणि लिहिताना तिला बऱ्याचदा तमिळ लिपीच जवळची वाटते.