क्ष-किरणांचे जनक : राँटगेन

दाढ ठणकू लागली की जोतिबाच्या डोंगरावरचा माणूस कोल्हापूरची वाट धरतो. दाताचे डॉक्टर आधी तिचा फोटो काढतात. दोन दातांच्या फटीतील कीड, मुळाशी झिजलेले हाड, हिरडीत आडवी अडकलेली अक्कलदाढ हे सारे त्यात दिसते. ही दृष्टी आपल्याला दिली विल्हेल्म राँटगेन यांनी.

त्यांचा जन्म १८४५ साली जर्मनीतील लेनेप येथे, कापड व्यापाऱ्याच्या घरी झाला. शाळेत कोणीतरी शिक्षकाचे व्यंगचित्र काढले. राँटगेन यांनी त्या मुलाचे नाव सांगितले नाही. शाळेने त्यांनाच काढून टाकले. तरीही १८६९ मध्ये त्यांनी झुरिचला डॉक्टरेट मिळविली.

८ नोव्हेंबर १८९५ रोजी वुर्ट्झबर्गच्या प्रयोगशाळेत, काळ्या कागदाने झाकलेल्या नळीपासून दूर ठेवलेला पडदा अंधारात उजळला. या अज्ञात किरणांना त्यांनी 'क्ष' म्हटले. डिसेंबरात पत्नीच्या हाताची हाडे काचेवर उमटली. जानेवारी १८९६ मध्ये ऑटो वॉल्कहॉफ या दंतवैद्याने पंचवीस मिनिटे निश्चल राहून स्वतःच्या दातांचे छायाचित्र घेतले. आज त्याला क्षणभर पुरतो.

१९०१ चे पदार्थविज्ञानाचे पहिले नोबेल पारितोषिक राँटगेन यांना मिळाले. ती रक्कम त्यांनी विद्यापीठाला दिली. पेटंट मात्र घेतले नाही. हा शोध सर्वांचा, अशी त्यांची धारणा होती. महायुद्धानंतरच्या महागाईत त्यांची पुंजी बुडाली. १० फेब्रुवारी १९२३ रोजी म्युनिक येथे ते निवर्तले.

संपत्ती गेली, पण शोध खेड्यापाड्यांतील दुखऱ्या दाढेपर्यंत पोहोचला. विद्येचे याहून मोठे सार्थक कोणते?