विश्लेषण : नाझींच्याच चित्रफितींतून नाझींना उघडे पाडणारे मिखाईल रोम कोण होते?

मोर्चे, मशाली, पुस्तकांच्या होळ्या, हात उंचावून उभी असलेली हजारोंची गर्दी. नाझी जर्मनीने स्वतःच्या कौतुकासाठी टिपलेल्या या चित्रफिती महायुद्धानंतर सोव्हिएत संघाच्या हाती लागल्या. वीस वर्षांनी त्यांतूनच मॉस्कोत एक माहितीपट तयार झाला : 'ऑर्डिनरी फॅसिझम' (१९६५). दिग्दर्शक होते ६४ वर्षांचे मिखाईल रोम.

रोम यांचा जन्म १९०१ मध्ये सायबेरियातील इर्कुत्स्कचा. वडील झारविरोधी म्हणून तिथे हद्दपार झालेले. रोम शिकले शिल्पकला, पण वळले सिनेमाकडे.

स्टॅलिनच्या मर्जीतले दिग्दर्शक

इथेच त्यांची गोष्ट अवघड होते. १९३७ मध्ये, म्हणजे स्टॅलिनच्या दमनसत्राने टोक गाठले होते त्याच वर्षी, त्यांनी क्रांतीच्या विसाव्या वर्धापनदिनासाठी 'लेनिन इन ऑक्टोबर' घाईघाईने पूर्ण केला. त्यात लेनिनच्या शेजारी स्टॅलिन होताच. रोम यांना पुढे पाच वेळा स्टॅलिन पुरस्कार मिळाला. १९५६ मध्ये ख्रुश्चेव्ह यांनी स्टॅलिनचे गुन्हे पक्षासमोर मांडले आणि वारे फिरले. मग रोम यांनीच आपल्या चित्रपटातून स्टॅलिनची दृश्ये कापली. त्यानंतर काही वर्षे त्यांनी नवा चित्रपटच केला नाही.

माहितीपटात वेगळे काय?

माया तुरोव्स्काया आणि युरी खान्युतिन या दोन समीक्षकांनी ही कल्पना त्यांच्याकडे आणली. चित्रफितींचे ढीग उपसले गेले. पण युद्धाचा इतिहास सांगण्यात रोम यांना रस नव्हता. साधी, घरंदाज माणसे या यंत्रणेचा भाग कशी होतात, हा त्यांचा प्रश्न होता. म्हणून ते गर्दीतला एकच चेहरा थांबवून दाखवतात. फाशी दिलेल्यांशेजारी उभे राहून हसत फोटो काढून घेणारे जर्मन सैनिकही दिसतात. आणि छळछावणीतील कैद्यांचे चेहरे, थेट प्रेक्षकाकडे पाहणारे.

निवेदन रोम यांच्याच आवाजात आहे. लिहून आणलेले नाही, समोरची दृश्ये बघत बोललेले. घरी बसून एखादा म्हातारा खवचटपणे गप्पा मारतोय, असे वाटते. त्या काळच्या सरकारी माहितीपटांत निवेदकाचा आवाज भारदस्त असे. त्यामुळे हा प्रयोग धाडसीच होता.

स्टॅलिनचे नाव मात्र ते कुठेच घेत नाहीत. घेण्याची गरजही नव्हती. नेत्याचे पुतळे, लयीत चालणाऱ्या रांगा, सरकारमान्य कला हे सगळे सोव्हिएत प्रेक्षकाने घरच्या अंगणात पाहिलेले होते. चित्रपटाला गर्दी झाली, लाइपझिग महोत्सवात गौरवही झाला. पण ब्रेझनेव्ह यांच्या काळात तो हळूहळू पडद्यावरून बाजूला गेला.

रोम मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत शिकवतही. आपल्याकडच्या फिल्म सोसायट्यांचे लाडके आंद्रेई तारकोव्हस्की हे त्यांचेच विद्यार्थी.

विसाव्या शतकावरील आणखी एका माहितीपटाचे काम सुरू असतानाच १ नोव्हेंबर १९७१ रोजी त्यांचे निधन झाले. एलेम क्लिमोव्ह, मार्लेन खुत्सिएव्ह आणि जर्मन लावरोव्ह यांनी तो पूर्ण केला.